बरणीला लावलेला कान

वाडी, नागपूर
२० फेब्रुवारी २०२५

आई,
सप्रेम जय भीम.

पत्र पाहून म्हणाल, सुनेच्या घरचा फोन जळला काय? फोन चांगला आहे. पण मागच्या वेळी मी लावला तर तुम्ही तीनदा 'हॅलो' म्हणाल्या, 'बरं, ठेवते' म्हणाल्या आणि ठेवून दिला. माझ्याशी बोलायचं नसेल तर जबरदस्ती नाही. पत्र तर वाचाल ना? तुमच्या गावचे लहानूभाऊ दर गुरुवारी पिकअप घेऊन इथल्या गोदामात गुरांची ढेप भरायला येतात. सकाळी तुमचं उत्तर आणतील, संध्याकाळी माझं घेऊन जातील.

रोशनला मी सांगितलेलं नाही. तुमचं मायलेकांचं जे काय आहे त्यात मी पडत नाही. माझं काम वेगळं आहे.

मी पॅकिंगला जात होते ते गोदाम दुसऱ्या पार्टीनं घेतलं आणि आम्हा सगळ्या बायांना घरी बसवलं. घरी बसून डोकं खराब होऊन राहिलं आहे. मागच्या आठवड्यात अमरावती रोडवरच्या बाबारावांच्या ढाब्यावर भाजी चिरायला गेले. ते तंदुरीसोबत बाटलीतला लाल सॉस देतात. चाखून पाहिला. नुसतं रंगाचं साखरपाणी! मी म्हटलं, "काका, यात मिरची कुठं आहे?" ते म्हणाले, "तू दाखव बनवून." मी 'हो' म्हणून आले, आणि घरी पोहोचेपर्यंत मला घाम फुटला.

'हो' म्हणताना माझ्या डोक्यात तुमची मिरची होती. लग्नाच्या पहिल्या वर्षी तुम्ही बरणीतून काढून भाकरीवर वाढली होती ती आंबवलेली लाल मिरची. आधी आंबट लागली, मग तिखट, आणि मग कानातून धूर. तीच पातळ करून गाळली तर तिच्यासारखा सॉस अख्ख्या नागपुरात मिळणार नाही. मला तुमच्या वावरातली ओली लाल भिवापुरी मिरची पाहिजे आणि तुमची कृती पाहिजे. बाबारावांना माल एप्रिलच्या पहिल्या आठवड्यात लागतो. चौदा तारखेला जयंतीची गर्दी राहते.

नाही म्हणायचं असेल तर नाही लिहा. पण 'बरं, ठेवते' करू नका.

तुमची सून,
दीक्षा


पारशिवनी
२७ फेब्रुवारी

दीक्षाले आशीर्वाद. जय भीम.

पत्र भेटलं. लहानू दारात उभा राहून असा बोंबलला का शेजारची प्रीती पीठ मळता मळता धावत आली. त्याले म्हटलं, मेल्या, मी काय बहिरी हाय का?

सॉस म्हंजे काय वं? आमच्या मिरचीले पानी पाजून बाटलीत कोंबलं का तिचा सॉस होते का? बरं. करून पाह्य. मिरची पाठवली हाय, दोन पोते. तोडताना वरची वरची नाही तोडली, पिकलेलीच तोडली.

आता नीट वाच. मिरच्या देठासकट धू. देठं आधी काढले तं पानी आत जाते आन् माल सडते. सावलीत पसरव, कोरड्या झाल्या का मंग देठं काढ. जाडसर वाट, पार गंधावानी बारीक नोको करू. खडेमीठ, लसून. बरणी चिनी मातीची घेजो, उन्हात तापवलेली. वरून चार बोटं रिकामी ठेव, कारन ते फुगते. तोंडाले धुतलेल्या लुगड्याचं फडकं बांध. झाकन नाही! रोज सकाळी कडुनिंबाच्या दांडीनं ढवळजो. आन् रागात ढवळू नोको, डोळ्यात उडते.

फोन करू नोको. मले फोनवर बोलाची सवय नाही राहिली. लिहिलेलं बरं असते, दोनदा वाचता येते.

तुह्या नवऱ्याचं मी काही इचारत नाही. दोन वर्सं होत आले, त्यानं मायले फोन नाही केला. तुहे सासरे गेल्यावर एकटीनं वावर केलं, एकटीनं त्याले शिकवलं. तो सोता येऊन मले नेत नाही तोवर त्याच्या उंबऱ्यात पाय ठेवनार नाही, हे मी साऱ्या मोहल्ल्यात सांगतलं हाय. माहा शब्द म्हंजे शब्द.

रातपाळीहून आला का काही खाते का तसाच झोपते?

इंदूबाई


वाडी
१३ मार्च

आई,
सप्रेम जय भीम.

पोती आली आणि आमची चोरी पकडल्या गेली. रोशन सकाळी ड्युटीहून आला, दारात पोती पाहिली. मी काही बोलायच्या आत खाली बसला, पोत्याच्या सुतळीला हात लावला आणि म्हणाला, "ही गाठ आईची आहे." मला वाटलं, आता भडकणार. तो भडकला नाही. जेवला नाही, झोपला नाही, दुपारपर्यंत माझ्यासोबत देठं काढत बसला. मध्येच डोळ्याला हात लावला आणि मग नळाखाली डोकं धरून अर्धा तास बोंबा मारत होता. आमच्या चाळीतली सगळी माणसं खोकत खोकत बाहेर येऊन मला शिव्या देऊन गेली. (तुमच्या प्रश्नाचं उत्तर: दोन पोळ्या खातो, मग झोपतो. दुपारी चारपर्यंत उठत नाही. मोबाईलही बंद करून ठेवतो.)

मोठी बरणी भरली. फडकं बांधलं. तिसऱ्या दिवशी वर फेस आला आणि वास असा सुटला की मला तुमचं स्वयंपाकघर आठवलं.

पण आई, एक गोष्ट तुम्ही लिहिलीच नाही. रोशन म्हणाला, "आई बरणीला कान लावायची. मलाही लावायला लावायची. बरणी बोलते. बोलणं थांबलं की मिरची तयार. त्याच्या आधी आई कोणाला चमचा घालू देत नव्हती." मग हे काहून नाही लिहिलं? नेमकं काय ऐकायचं? किती वेळ ऐकायचं? बाबाराव दर दोन दिवसांनी विचारतात, "झालं का, झालं का?" माझा जीव टांगणीला लागला आहे. हा माल बिघडला तर मला पुन्हा कोणी विचारणार नाही.

आणि यंदाची तुमची बरणी कशी आहे? तेही लिहा.

दीक्षा


पारशिवनी
२० मार्च

दीक्षाले आशीर्वाद.

कान लावाचं राहू दे. ते लेकराईले खेळवाचे धंदे होते. फडकं सोडून वरतून पाह्य. दांडी घातली का बुडबुडे वर येते का? बरणीच्या पोटाले तळहात लाव, आत काही हालल्यावानी वाटते का? नाही वाटलं, तरी आनखी आठ दिवस ठेव. हे मिरची लय मनमानी हाय. घाई केली तं अंगावर येते.

मी आता बरणी करत नाही. एकटीसाठी कोन कुटाना करते?

तो बाबाराव घाई करते तं त्याले म्हनजो, तूच ये अन् बस बरणीत. एवढा कसा उतावळा मानूस!

देठं काढले म्हनतेस त्यानं. लहानपनी काढे तं अर्धे देठ तसेच ठेवे. आता बरोबर काढले का?

आन् एक गोष्ट सांगतो, वाईट नोको वाटून घेऊ. लग्नाले सहा वर्सं झाले. सॉस करा, ढाबा चालवा, काय करायचं ते करा, पन घरात एखांदं लेकरू खेळू द्या आता. प्रीतीच्या वहिनीचं पोट्टं अंगनात रांगते तं मी पाहत राहतो. का मी मेल्यावर करान?

इंदूबाई


वाडी
३ एप्रिल

आई,

तुमचं पत्र आलं त्याला दोन आठवडे झाले. मी लिहिणारच नव्हते. आज लहानूभाऊ ढेप भरून दारात उभे आहेत, म्हणून लिहून टाकते. नाही लिहिलं तर माझी छाती फुटेल.

लेकराचं तुम्ही विचारता? मला? तुम्ही?

दोन वर्षांपूर्वीच्या जुलैत मी दवाखान्यात होते. सहावा महिना होता. सगळं संपलं तेव्हा रोशननं पहिला फोन तुम्हाला लावला. माझ्या खाटेजवळ उभा राहून लावला, आणि मला तुमचा आवाज ऐकू यावा म्हणून स्पीकर चालू केला. त्यानं रडत रडत सगळं सांगितलं. आणि तुम्ही काय म्हणाल्या? "बरं. जेवून घेजो." आणि ठेवला. त्याला वाटलं फोन कटला. पुन्हा लावला, पुन्हा सांगितलं. पुन्हा "बरं, बरं, जेवून घेजो." त्यानंतर त्यानं तुम्हाला फोन केला नाही. तुम्ही आल्या नाही. त्या आठवड्यात नाही, त्या महिन्यात नाही. दगडालेही पाझर फुटते म्हणतात, आई. मी वाट पाहिली. आता मला लेकराचं विचारू नका.

मालाचं सांगते, कारण मिरची तुमची आहे. तयार झाला. रोशननं सांगितलं तसा मीच बरणीला कान लावला. समोरून ट्रक जाऊन राहिले होते, हॉर्न वाजून राहिले होते, म्हणून दुसऱ्या कानात बोट घातलं. बरणी एक शब्द बोलली नाही. हाताला ढाब्यावर भाजलं आहे, त्यानं काही समजत नाही. मग पातळ केलं, गाळलं. बाबारावांना जरा गोडसर पाहिजे होतं म्हणून गूळ घातला. बाटल्या गच्च भरल्या, आणि गाडीत सांडू नये म्हणून फिरकीची झाकणं आवळून वरून मेण ओतलं. खोलीत पाय ठेवायला जागा नाही, तर रोशनच्या खाटेच्या वर जी फळी आहे तिच्यावर कॅरेट रचली. छताच्या टिना तापून खोलीची भट्टी झाली आहे. सकाळी पाहिलं तर झाकणं वर उचलल्यासारखी टम्म दिसली. माल चांगला दाबून भरला म्हणायचा. सोमवारी जाईल.

आता तुम्हाला माझ्याकडून त्रास होणार नाही.

दीक्षा


(प्रीतीच्या मोबाईलवरून दीक्षाच्या मोबाईलवर, ४ एप्रिल, सकाळी)

वहिनी, मी प्रीती, इंदूकाकूंच्या बाजूची. लहानूकाकांनी चिठ्ठी आत्ता आणून दिली. काकू सांगून राहिल्या ते जसंच्या तसं टाइप करते. "बाटल्या जित्या हायेत. बरणी गप नव्हती झाली. वरतून गूळ घातला तं ते आनखी फुगन. काच फुटन. रोशनले फळीखालून उठव, आत्ताच्या आत्ता. तू बाटलीले हात लावू नोको, मी येतो." वहिनी, तुमचा फोन बंद येतो, दादांचा पण. मी दहादा लावला. काकू स्टँडवर गेल्या. चूल तशीच पेटलेली सोडून गेल्या. मेसेज वाचला की फोन करा, प्लीज.


वाडी
१० एप्रिल

आई,
सप्रेम जय भीम.

रविवारी तुम्ही बसमध्ये बसल्या तेव्हा हाताची पट्टी पदराखाली लपवत होत्या. टाके ओढतात का? ओलं करू नका.

त्या दिवशी जे झालं ते तुम्ही डोळ्यांनी पाहिलं. पण तुम्हाला जे ऐकू आलं नाही ते कोणीतरी तुम्हाला सांगायला पाहिजे. रोशन सांगत नाही, म्हणून मी सांगते.

मी ढाब्यावर होते. रात्रभर लाईन नव्हती म्हणून फोन मेलेला होता. रोशन ड्युटीहून येऊन नेहमीसारखा झोपला होता, त्या फळीखाली, तोंड वर करून. तुम्ही दार असं वाजवलं की त्याला वाटलं पोलीस आले. दार उघडलं तर तुम्ही. तो म्हणाला, "आई? तू? काय झालं?" तुम्ही उत्तर दिलं नाही. त्याचं मनगट धरलं आणि ओढून बाहेर काढलं. त्यानं पुन्हा विचारलं, "बोल ना माय, काहून आली?" तुम्ही त्याच्याकडे पाठ करून ड्रममध्ये पोतं भिजवत होत्या. तो मला नंतर म्हणाला, "मला वाटलं, उंबऱ्यात पाय ठेवला तरी बोलायचं नाही अशी शपथ घेऊन आली."

मी गल्लीत पोहोचले तेव्हा चाळीतली माणसं बाहेर गोळा झाली होती. दारातून पाहिलं. तुम्ही ओलं पोतं कॅरेटवर टाकलं होतं. एकेक बाटली फडक्यात धरून टबातल्या पाण्यात बुडवायची आणि पाण्याखाली झाकण हळूहळू फिरवायचं. प्रत्येक बाटली चवताळलेल्या नागासारखी फुसकारत होती, आई. तो आवाज ऐकून शेजारच्या बायांनी पोरं घरात ओढली. मी ओरडले, "आई, राहू द्या, बाहेर या!" तुम्ही पाहिलंही नाही. मला राग आला. खरं सांगते, त्या वेळीसुद्धा मला राग आला, की बाईचा ताठा किती!

मग मागच्या कॅरेटमधली एक फुटली. असा आवाज झाला की रोडवरच्या ट्रकवाल्यानं टायर फुटला समजून ब्रेक मारला. मी मटकन खाली बसले. रोशन भिंतीला चिकटला. लाल शिंतोडे टिनांपर्यंत गेले आणि काच खाटेवर पडली, त्याची उशी होती तिथं. उशीत घुसली. आणि तुम्ही मान वळवली नाही. हातातलं झाकण फिरवत होत्या तशाच फिरवत राहिल्या.

रोशन किंचाळला, "आई, मागं सर!" तुम्ही सरकल्या नाही. तो पुन्हा किंचाळला.  मी त्याच्या तोंडाकडे पाहिलं. तो तुमच्या पाठीमागे दोन पावलांवर उभा राहिला आणि घरात बोलतो तसा हळू म्हणाला, "आई, तुले ऐकू येत नाही का?"

तुम्ही पुढची बाटली घेतली.

दुसरी फुटली आणि काच दंडात घुसली तेव्हाच तुम्ही वळल्या. आमची तोंडं पाहिली आणि पदर डोक्यावर ओढून घेतला, जसं काही आम्ही तुम्हाला चोरी करताना पकडलं. तशाच रक्ताच्या हातानं राहिलेल्या बाटल्या उघडल्या. आम्हाला कोणाला आत येऊ दिलं नाही.

दवाखान्यातून आल्यावर तुम्ही झोपल्या, आणि रोशन पायरीवर बसून रडला. म्हणाला, "दोन वर्षं मी तिच्यावर रुसून बसलो, दीक्षा. तिला काही माहीतच नव्हतं." तुम्हाला विचारलं तर तुम्ही म्हणाल्या, कानात मळ बसला. आई, नुसता मळ असता तर एवढ्या आवाजाला मान वळली असती. खरं काय ते लिहा.

मी तुम्हाला दगड म्हटलं. ते मी परत घेते. ट्रकांच्या गोंगाटात बरणी ऐकायला गेले आणि माझ्या हातानं माझ्या नवऱ्याच्या डोक्यावर बाँब रचले. रोज सकाळी ती उशी आठवते. तुम्ही आल्या नसत्या तर...

बाबाराव खूप बोलले. बोलू द्या.

तुमची,
दीक्षा


पारशिवनी
१७ एप्रिल

दीक्षाले लय लय आशीर्वाद. जय भीम.

टाके ठीक हायेत. मिरची लागली होती तं आग आग झाली, पन माही मिरची हाय, तिचं काय वाईट वाटून घेऊ?

मळ नाही. तुले खोटं सांगतलं. तुहे सासरे गेले त्या सालापासून कमी कमी होत गेलं. आधी कुकरची शिट्टी गेली. मंग दारावरची हाक गेली. समोरचा मानूस बोलला तं त्याच्या तोंडाकडे पाहून अर्धं समजते, पन फोनले तोंड कुठं हाय? गावात बहिरीले बावळट समजतात, वं. वावरात मजूर येडं बनवतात. म्हनून कोनाले सांगतलं नाही. लहानूले आन् प्रीतीले मालूम हाय, त्याईले शपथ घातली होती.

एका साली बरणीले कान लावला तं गप. म्हटलं, झाली तयार. झाकन लावून ठेवली. सकाळी पाहतो तं झाकन उडालेलं आन् भिंत लाल. बरणी गप नव्हती, मीच गेली होती कामातून. त्या दिसापासून बरणी नाही भरली. तुले कान लावाचं लिहिलं असतं तं तू इचारलं असतं, तुमाले काय ऐकू येते? म्हनून नाही लिहिलं. उलट लिहिलं का लेकराचे धंदे. लाजेपायी तुले अर्धीच कृती देल्ली, आन् माहं पोरगं मरत होतं.

फोनचं सांगतो. रोशनचा फोन रोज सांजीले येत होता. हातात थरथरला का मी उचलत होती. तो काय बोले ते समजे नाही. गिचमिड गिचमिड. सांजीचा टाइम, तं म्हनत होती, "बरं, जेवून घेजो." रोजच तेच म्हनत होती. त्या दिवशीबी तेच म्हटलं. मंग फोन येनं बंद झालं तं मले वाटलं, पोरगं शहरात रमलं, मायले इसरलं. मीबी तोंड फुगवून बसली.

लेकराचं मले तुह्याच पत्रानं समजलं, दीक्षा. दिवस गेल्याचं त्यानं फोनवर सांगतलं असन, तेबी गिचमिडीतच गेलं. आधी ते वाचलं.  आन् खाली पाहतो तं झाकनं टम्म लिहिलेलं. रडाले टाइमच नाही भेटला. बस पकडली. रडनं घरी परत येऊन केलं. आजूनबी करून राहिली.

तू खाटेवर पडली होती आन् तुह्या कानात माहं ते "जेवून घेजो" गेलं. हे मी कुठं ठेवू? तुही माफी कोन्या तोंडानं मागू?

पोट्टी होती का पोट्टा, हेबी मले मालूम नाही.

तुही,
इंदूबाई


वाडी
२४ एप्रिल

माय,
जय भीम.

तुहं पत्र दीक्षानं मले वाचाले देल्लं. ती म्हणाली, याचं उत्तर मी नाही देत, तूच दे. शाळा सोडल्यावर हे माहं पहिलं पत्र असन. अक्षर वाचाले त्रास होईन, सांभाळून घेजो.

त्या दिवशी फोनवर जे सांगतलं होतं ते पुन्हा सांगतो.

मी म्हटलं होतं, माय, पोट्टी होती. डॉक्टर म्हणाले, काही करता नाही आलं. नर्सनं पांढऱ्या कपड्यात गुंडाळून माह्या हातात देल्ली. लय हलकी होती. बोटाईले नखं आले होते, इतकीशी. नाक तुह्यावानी होतं, खरंच. दीक्षाले नाही दाखवलं, तिची हालत नव्हती, तं मी एकट्यानंच पाहिलं आन् एकट्यानंच मातीत ठेवलं. मी म्हटलं होतं, माय, मले काही सुधरून नाही राहिलं. मी म्हटलं होतं, तू ये. हे लयदा म्हटलं होतं. इतकंच होतं.

आता तुले सांगतलं. मले हलकं वाटून राहिलं आन् लय रडूबी येऊन राहिलं.

मीबी कमी नाही. फोन ठेवला तं दुसऱ्या दिवशी बसमध्ये बसून येवाले काय झालं होतं मले? पारशिवनी काय विलायतेत हाय? पन म्हटलं, तिले नाही पडली तं मले काहून पडावी. तुहाच पोरगा आहो ना, ताठा दुसरा कुठून येईन?

तुह्या उंबऱ्याची अट मोहल्ल्याले मालूम हाय. तं येत्या रविवारी मी सोता न्याले येतो. चार लोकं पाहतीन असा दिवसाढवळ्या येतो. मंग कानाच्या डॉक्टरकडे जाऊ, मशीन लागली तं लावू. नाही लागली तं मी समोर बसून तोंड दाखवून बोलत जाईन, पान खानं सोडलं त्याच्यासाठी.

न फुटलेल्या बाटल्यांत उरलं ते दीक्षानं दोनदा गाळून, धुतलेल्या बरणीत पुन्हा भरलं आन् फडकं बांधलं. झाकन घरातून फेकूनच देल्लं. बाबारावले सांगतलं, बरणी गप होईन तवा माल भेटन, नाही तं दुसरा पाह्य. तो म्हणाला, थांबतो. काल रोडवर जाम होता, ट्रक बंद करून उभे होते, तं मी बरणीले कान लावून पाहिला. बोलून राहिली हाय आजून, लहानपनी बोलत होती तशीच. तू आली का तू हात लाव, मी कान लावतो. दोघं मिळून सांगू तिले कवा उघडाचं ते.

रविवारच्या आधी लहानूजवळ उत्तर देजो. काय लिहाचं ते नाही सुचलं तं "बरं, जेवून घेजो" इतकंच लिही.

मी जेवीन, माय.

तुहा,
रोशन